बाकी चोवीस फरश्या

बिनचूककाकांच्या हातून आयुष्यात एकूण एकच चूक झाली, आणि ती छप्पन्न फूट लांब होती.

आता चूक कोणी फुटांत मोजतं का, असं विचाराल. मोजत नाहीत. पण ही मोजली गेली. टेप लावून, दोन साक्षीदारांसमक्ष, शिक्क्यासह.

काकांचं खरं नाव दारावरच्या पाटीवर आहे, पण ती पाटी पोस्टमनसुद्धा वाचत नाही. सगळी सोसायटी त्यांना बिनचूककाका म्हणते, कारण चाळीस वर्षं ते एका मोठ्या कचेरीत तपासनीस होते. इतरांनी केलेलं काम त्यांच्या टेबलावर यायचं आणि ते लाल पेन्सिलीनं त्यातल्या चुकांना गोल करायचे. त्या कचेरीचा नियमच होता की करणारा तपासत नाही आणि तपासणारा करत नाही. प्रत्येक कागदाच्या तळाशी दोन रकाने असत, एक 'केले' आणि एक 'तपासले'. काकांनी चाळीस वर्षं 'तपासले'पुढे सही केली. 'केले'पुढे एकदाही नाही. चूक व्हायची तर माणसाला आधी काहीतरी करावं लागतं, आणि काकांच्या निष्कलंक कारकिर्दीचं रहस्य नेमकं इथेच होतं. पण निरोप समारंभात असलं कोणी बोलत नाही.

तर काकूंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. ऑपरेशन उत्तम झालं. डॉक्टर म्हणाले, "रोज दोन वेळा चालायचं. सपाट जमिनीवर, वॉकर घेऊन. दीड महिन्यात गुडघा वळला पाहिजे. नाहीतर आखडेल आणि मग माझ्याकडे येऊन उपयोग नाही."

पहिल्या मजल्यावरून कठड्याला धरून काकू खाली उतरू शकत होत्या. पण खाली उतरून चालायचं कुठे? बाहेर रस्ता, त्यावर गाड्या. आत सोसायटीचं अंगण, ते असं की धडधाकट माणूसही तिथे चालताना कुणाशी बोलत नसे, सगळं लक्ष पायांकडे. घरात चालावं तर खुर्ची, कपाट, पलंग आणि काका, एवढे अडथळे. त्यामुळे काकू गॅलरीत बसून असत. शेजारच्या लेडीज टेलरकडून कापडाचे चौकोनी तुकडे येत, ते जोडून त्या एक चादर शिवत होत्या. आणि अंगणाकडे बघत. काही म्हणत नसत. हे काही न म्हणणंच काकांना जास्त टोचत होतं.

अशात सेक्रेटरींच्या मेव्हण्याने आपल्या जुन्या हॉलची जमीन उखडली आणि फरश्या फुकट देऊ केल्या. एक फूट बाय एक फूट, गुळगुळीत, राखी रंगाच्या. ट्रकमधून आल्या आणि थेट जिन्याच्या तोंडाशी रचल्या गेल्या. काकांनी स्वतः तीनदा मोजल्या. नऊशे पंच्याऐंशी.

त्या संध्याकाळी सोसायटीची सभा भरली. फरश्या बसवायच्या यावर सगळ्यांचं पाच मिनिटांत एकमत झालं, आणि मग कशा बसवायच्या यावर अडीच तास गेले. आयत करावा म्हटलं तर तो कोणाच्या तरी खिडकीसमोर लांब होणार. तळमजल्यावरचे केमिस्ट म्हणाले, "त्यांच्या खिडकीसमोर दहा फूट जास्त आणि माझ्यासमोर माती? मी मेंटेनन्स मातीचा भरतो का?" शेवटी ठराव झाला: अंगणाच्या बरोब्बर मध्यभागी एकच मोठा चौरस, चारी बाजूंना सारखी जागा सोडून, म्हणजे कोणालाच काही जास्त मिळणार नाही. या तत्त्वावर आमच्याकडे कुठलाही ठराव एकमताने पास होतो.

"चौरसाची बाजू किती येईल?" सेक्रेटरींनी विचारलं.

"वर्गमूळ काढायचं," काका म्हणाले. "नऊशे पंच्याऐंशीचं. मी काढतो."

केमिस्ट खिशातून फोन काढत होते. काकांनी नुसतं त्यांच्याकडे पाहिलं. फोन परत खिशात गेला.

दुसऱ्या दिवशी काका परवानगीसाठी नगरपालिकेत गेले. खिडकीमागे एक कारकून बसला होता. त्याने अर्ज पाहिला आणि परत सरकवला. "क्षेत्रफळ चालत नाही. बाजू लिहा. पूर्ण फुटांत."

"लिहितो," काका म्हणाले. "पेन?"

पेन होतं. खिडकीच्या डाव्या कडेला खिळा होता, खिळ्याला दोरी होती आणि दोरीला पेन होतं. दोरी सरकारी होती, म्हणजे गरजेपेक्षा वीतभर कमी. काकांनी अर्जाची मागची बाजू वर केली आणि लिहिलं: ९८५. मागे रांगेत अकरा माणसं होती. पन्नास वर्षांत कोणी चारचौघांत हातानं वर्गमूळ काढलेलं त्यांनी पाहिलं नसावं, म्हणून तीही मान पुढे काढून बघू लागली. काकांना स्फुरण चढलं.

शाळेतली रीत त्यांना पाठ होती. आकड्यांच्या जोड्या करायच्या आणि प्रत्येक जोडीवर आडवी रेघ मारायची. जोड्या उजवीकडून करायच्या असतात. पण पेनाची दोरी उजवीकडे पोचेना. काकांनी दोनदा ओढून पाहिली, खिळा हलला, कारकुनाने वर पाहिलं. मग काकांनी डावीकडून सुरुवात केली. अठ्ठ्याण्णववर पहिली रेघ. पाच एकटा राहिला. एकट्याला जोडीदार नको का, म्हणून काकांनी त्याच्या शेजारी एक शून्य बसवलं. पुढचं सगळं मात्र अगदी रीतसर. नव नव्वे एक्क्याऐंशी, वजा करून सतरा, खाली पन्नास, नवाची दुप्पट अठरा, एकशे एकोणनव्वद नव्वे सतराशे एक.

"नव्व्याण्णव," काका रांगेकडे वळून म्हणाले. "बाकी एकोणपन्नास."

रांगेतल्या एका बाईंनी कौतुकाने मान हलवली. कारकुनाने ९९ टाइप केलं. आता नव्व्याण्णव गुणिले नव्व्याण्णव म्हणजे दहा हजारांच्या घरात जातं, हे कोणाच्याही लक्षात यायला हवं होतं. पण कारकुनाचं काम टाइप करण्याचं होतं. रांगेतल्यांना आपापला नंबर हवा होता. आणि काकांचं म्हणाल, तर त्यांनी ते केलं होतं. करणारा तपासत नाही.

आठवड्याने परवानगी आली, गोल शिक्क्यासह. नव्व्याण्णव फूट बाय नव्व्याण्णव फूट, मंजूर. सेक्रेटरींनी ती सूचनाफलकावर लावली.

गवंडी आला. त्याने फरश्यांच्या थप्प्यांवर एक नजर टाकली, अंगणावर एक नजर टाकली, परवानगीवर एक टाकली आणि कान खाजवला.

"काका, एवढ्या मालात एवढं होणार नाही. फार तर तीस, बत्तीस होईल."

"तुमचं शिक्षण किती?" काकांनी विचारलं.

"तिसरी."

"मग."

"मग काही नाही," गवंडी म्हणाला. "नव्व्याण्णव फुटांची जागा करून द्या, मी बसवतो. पण हे अंगणच मुळात त्रेचाळीस फूट आहे. वरचे छप्पन्न फूट कुठे आहेत तेवढं दाखवा." आणि तो बिडी ओढायला फाटकाबाहेर गेला तो चार दिवस आला नाही.

इथे कोणाही सरळ माणसाने आपलं गणित पुन्हा पाहिलं असतं. काकांनी अंगणाकडे संशयाने पाहिलं. चाळीस वर्षांचा अनुभव त्यांना सांगत होता की आकडा आणि वस्तू जुळत नसतील तर कुणीतरी वस्तूत गडबड केलेली असते.

तेवढ्यात इन्स्पेक्टर आला. परवानगी दिली की जागा पाहायला माणूस येतो, असा नियम आहे, पण तो पाळला गेल्याचं कोणी पाहिलेलं नव्हतं. नेमका आमच्याच वेळी पाळला गेला. त्याने टेप लावला. त्रेचाळीस. पुन्हा लावला. त्रेचाळीस. त्याने परवानगी वाचली आणि त्याच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"छप्पन्न फूट कमी आहे," तो म्हणाला. "अतिक्रमण झालंय."

"कोणी केलं?" सेक्रेटरींनी घाबरून विचारलं.

"ते तुम्ही सांगायचं. पंधरा दिवसांत लेखी."

त्या दिवसापासून सोसायटीत दुसरा विषय राहिला नाही. केमिस्टांना एकदम आठवलं की शेजारच्या सोसायटीची भिंत पूर्वी बरीच पलीकडे होती. किती पलीकडे? "बरीच." तिसऱ्या मजल्यावरच्या निवृत्त रेल्वे गार्डनी तर लहानपणी त्या जागेत क्रिकेट खेळल्याचं सांगितलं, मग कोणीतरी विचारलं की तुम्ही इथे राहायला पंचावन्नाव्या वर्षी आलात ना, तेव्हा ते म्हणाले की मन तरुण होतं. सेक्रेटरींनी शेजारच्या सोसायटीला पत्र धाडलं की आमचे छप्पन्न फूट परत करावेत. शेजारच्यांनी आपली जागा मोजली. तिथे अंगण एकूण तीस फुटांचं निघालं. त्यांनी उलट पत्र लिहिलं की तुमचे छप्पन्न फूट आमच्याकडे मावतच नाहीत, तेव्हा आमचेही काही फूट तुमच्याकडे आले आहेत का ते पाहावं.

काका मात्र आता या चर्चेत थांबेनासे झाले. सूचनाफलकाजवळून जाताना ते पलीकडच्या भिंतीकडे बघत. फरश्यांच्या थप्प्या जिन्याच्या तोंडाशी तशाच उभ्या होत्या, त्यांच्यामधून जेमतेम एक माणूस आडवा होऊन जात असे. वॉकर जाण्याचा प्रश्नच नव्हता. म्हणजे आधी काकूंना खाली चालता येत नव्हतं, आता उतरताही येत नव्हतं. ही प्रगती काकांची होती. सव्वीस दिवस झाले होते. सकाळी पलंगावरून उठताना काकू गुडघ्यावर हात ठेवून थोडा वेळ नुसत्या बसत. पूर्वी हा वेळ कमी होता. काका तो घड्याळावर मोजत, चोरून.

सत्ताविसाव्या दिवशी दुपारी त्यांना राहवलं नाही. ते गॅलरीत गेले. काकूंच्या मांडीवर चादर पसरलेली होती.

"अगं," काका म्हणाले, "एक कागद तपासशील का?"

काकूंनी सुई थांबवली. एक्केचाळीस वर्षांच्या संसारात हे वाक्य त्या घरात प्रथमच उच्चारलं गेलं होतं. काकूंनी केलेल्या किराणा यादीवरसुद्धा लाल गोल होत असत.

"तुम्ही केलेला?"

"मी केलेला."

"द्या."

काकांनी नव्व्याण्णव सांगितलं. काकूंनी ऐकून घेतलं, हसल्या नाहीत. ते त्यांनी फार मोठं काम केलं.

"मला तुमच्या जोड्या आणि रेघा नाही कळत," त्या म्हणाल्या. "माझी रीत सांगते. ही चादर बघा. टेलरकडून तुकडे किती येतील काही नेम नसतो. कधी दहा, कधी चाळीस. म्हणून मी कोपऱ्यातनं सुरू करते. आधी एक तुकडा. मग त्याच्या दोन बाजूंना मिळून तीन, की झाला दोन-दोनचा चौरस. त्याच्याभोवती पाच, झाला तीन-तीनचा. मग सात. दर फेरीला आधीपेक्षा दोन जास्त. तुकडे कधीही संपू देत, चादर चौकोनीच राहते."

"हो, पण फरश्या..."

"फरश्या काय आणि तुकडे काय. नऊशे पंच्याऐंशीतनं एक काढा. मग तीन काढा. मग पाच. आणि किती फेऱ्या झाल्या ते मोजा. तुम्ही वजा करा, मी टाचण्या टोचते."

वजाबाकी सुरू झाली. नऊशे चौऱ्याऐंशी, नऊशे एक्क्याऐंशी, नऊशे श्याहत्तर. दर वजाबाकीला काकू चादरीत एक टाचणी टोचत. विसाव्या टाचणीला काकांचा आवाज बारीक झाला. तिसाव्या टाचणीला पंच्याऐंशी उरले. काकांनी त्यातून एकसष्ट वजा केले.

"चोवीस," ते म्हणाले. "पुढच्या फेरीला त्रेसष्ट लागतील. तेवढ्या नाहीत."

काकूंनी टाचण्या मोजल्या. "एकतीस."

खाली फाटकाशी गवंडी बिडी ओढत उभा होता. फार तर तीस, बत्तीस, असं तो म्हणाला होता. तिसरी शिकलेला. काका गॅलरीतल्या खुर्चीत बसले आणि त्यांना तो खिळा, ती दोरी आणि तो एकटा पडलेला पाच, सगळं एकदम दिसलं.

"दोरी आखूड होती," ते म्हणाले.

"असेल हो."

"जोड्या उजवीकडून करायच्या असतात. मी डावीकडून केल्या."

"बरं मग," काकू म्हणाल्या, "चाळीस वर्षं लोकांच्या चुका काढल्यात. एक आपली निघाली. मला मेलीला एवढंच कळतं, की ती इन्स्पेक्टरची पंधरा दिवसांची नोटीस आधी रद्द करून घ्या आणि त्या थप्प्या हलवा. मला खाली जायचंय."

त्या महिनाभरात प्रथमच असं म्हणाल्या होत्या.

काका त्याच दुपारी नगरपालिकेत गेले. जाताना स्वतःचं पेन घेऊन गेले. कारकुनाने फाइल काढली, वाचली आणि त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू जे उजाडत गेलं त्याचं वर्णन करायला मला वेगळी कथा लिहावी लागेल.

"साहेब, तुम्ही मला ओळखलं नाही," तो म्हणाला. "मी तुमच्या कचेरीत दोन वर्षं होतो. तुम्ही माझ्या एका पत्रावर सतरा गोल केले होते."

"एकोणीस," काका म्हणाले. मग जीभ चावली.

"चूक दुरुस्त करायला कारण लिहावं लागतं. टाइप करताना माझी चूक झाली असं लिहू का? नाहीतर पेनाची दोरी आखूड, असं लिहू? दोन्ही चालतात."

काकांना दोन्हींचा मोह झाला. खोटं कशाला सांगू, दोरीचा तर फारच झाला. तेवढ्यात रांगेतून कोणीतरी 'लवकर आटपा' म्हणालं. काकांनी कागद ओढला आणि स्वच्छ अक्षरात लिहिलं: अर्जदाराने वर्गमूळ चुकीचे काढले. खाली सही केली. कारकुनाने टेबलाचा खण उघडला, आतून लाल पेन्सिल काढली, जुनी, बोटभर उरलेली, आणि ९९ भोवती सावकाश एक गोल काढला. गोल फार सुंदर आला. काकांनीही तो मान्य केला.

"छान येतो तुमचा गोल," ते म्हणाले.

"तुमच्याकडूनच शिकलो, साहेब," कारकून म्हणाला आणि त्याने इन्स्पेक्टरची नोटीस समोरच फाडली. नवी परवानगी त्याने स्वतः टेबलाटेबलांवरून फिरवून तासाभरात आणून दिली. सरकारी कामाचा हा वेग पाहून रांगेतली दोन माणसं आपलं काम न करताच समाधानाने घरी गेली.

गवंडी दुसऱ्या सकाळी हजर झाला. काका फाटकापर्यंत जाऊन त्याला म्हणाले, "तुमचं बरोबर होतं." गवंडी म्हणाला, "तिसरी काही वाईट नव्हती आमची." त्याने काकूंच्याच रीतीने, कोपऱ्यातून सुरुवात करून फरश्या लावत नेल्या आणि सातव्या दिवशी अंगणाच्या मध्यभागी एकतीस बाय एकतीसचा चौरस तयार झाला. चारी बाजूंना सहा-सहा फूट माती. केमिस्टांनी आपल्या खिडकीसमोरची माती टेपने मोजली, मग समोरच्यांची मोजली आणि समाधानाने आत गेले.

पण जिन्याजवळ चोवीस फरश्या उरल्या होत्या.

"काका," सेक्रेटरी म्हणाले, "बाकी उरली म्हणजे पुन्हा कुठेतरी चुकलं की."

"बाकी उरणं म्हणजे चूक नव्हे," काका ताठ होऊन म्हणाले. "नऊशे पंच्याऐंशीला पूर्ण वर्गमूळ नाही. त्यात माझा काय दोष?"

"तसं नाही, पण लोक विचारतात."

या वेळी काका बरोबर होते आणि कोणाचा विश्वास नव्हता. हा अनुभव त्यांना नवा होता. ते उरलेल्या फरश्यांच्या थप्पीवर बसून राहिले.

काकू वॉकर घेऊन जिना उतरून आल्या. चौतिसावा दिवस होता. शेवटच्या पायरीवर थांबून त्यांनी समोर पाहिलं. गुळगुळीत, सपाट, राखी रंगाचा चौरस, सकाळच्या उन्हात नुसता चमकत होता. आणि पायरीपासून तिथपर्यंत सहा फूट ढेकळं, खड्डे आणि ट्रकच्या चाकांनी पाडलेले चर. एवढी मोठी सभा झाली, ठराव झाला, परवानग्या झाल्या, छप्पन्न फुटांचं अतिक्रमण झालं, पण चौरसापर्यंत जायचं कसं हे कोणालाच सुचलं नव्हतं.

काकू वॉकरवर रेलल्या आणि काकांकडे वळल्या. मग म्हणाल्या, "अहो, तुम्ही कशावर बसलात?"

काकांनी खाली पाहिलं. मग समोरच्या मातीकडे पाहिलं. उठले, पायरीपासून चौरसापर्यंत पावलं टाकली आणि परत आले. "सहा फूट," ते म्हणाले. "सहा चोक चोवीस."

"चार फूट रुंद," गवंडी मागून म्हणाला. "वॉकर जाऊन शेजारी माणूस राहील."

"तीन पण चालेल," सेक्रेटरी म्हणाले. "सहा फरश्या वाचतील."

"शेजारी माणूस राहू दे," काकू म्हणाल्या.

दुपारपर्यंत वाट झाली. शेवटची फरशी बसली तेव्हा थप्पीच्या जागी फक्त धूळ होती. काकू निघाल्या, एक पाऊल, वॉकर, एक पाऊल. शेजारून काका चालले होते, हात न लावता, पण लावता येईल इतके जवळ. खिडक्यांमधून सगळी सोसायटी बघत होती, आणि निवृत्त गार्डनी शिट्टी वाजवायचं मनात आणून सोडून दिलं. वाट संपली, चौरस लागला. काकू थांबल्या नाहीत. एक एक फरशी मोजत सोळाव्या रांगेतल्या सोळाव्या फरशीपर्यंत गेल्या, जिच्या चारी बाजूंना पंधरा-पंधरा फरश्या येतात, आणि तिथे उभ्या राहिल्या.

"गुडघा वळतोय," त्या म्हणाल्या.

काकांनी खिशातून कागद काढला. त्यावर स्वच्छ अक्षरात होतं: ९८५. वर्गमूळ ३१. बाकी २४. खाली दोन रकाने आखलेले. 'केले'पुढे काकांची सही होती. ती जरा वाकडी आली होती, सवय नव्हती. त्यांनी कागद काकूंपुढे धरला आणि पेन दिलं, बिनदोरीचं.

काकूंनी कागद वॉकरवर ठेवला. वरपासून खालपर्यंत वाचला. मागे वळून वाटेकडे एकदा पाहिलं, ओठ हलवून काहीतरी मोजलं, आणि 'तपासले'पुढे सही केली.